थयथयाट : एक टेनिस सामना आणि एका व्यंगचित्राचं प्रकरण

पत्रकारितेच्या मुलांना मथळे आणि चित्रओळी शिकवताना मी एक व्यंगचित्र पडद्यावर लावते. आधी हशा होतो. होणारच, ते हसवायलाच काढलंय. मग मी म्हणते, याला एका शब्दाचं शीर्षक द्या. वर्ग बदलतो, मुलं बदलतात, पण एक शब्द हमखास येतो : थयथयाट.

चित्रात टेनिसचं कोर्ट आहे. एक काळी बाई हवेत उडालेली, दोन्ही पाय जमिनीवर आदळण्याच्या बेतात. खाली मोडकी रॅकेट. बाजूला बाळाच्या तोंडात देतात ती रबरी चोखणी पडलेली. बाईचे ओठ जाड, तोंड वासलेलं, नाक पसरट, केस चहूकडे उडालेले, दंड आणि मांड्या फुगवलेल्या. मागे, बऱ्याच लहान आकारात, पंच दुसऱ्या खेळाडूला विचारतोय की तू तिला जिंकू देतेस का. ती दुसरी खेळाडू सडपातळ, सोनेरी केसांची शेपटी बांधलेली, मुकाट उभी.

हसू ओसरलं की मी दुसरा प्रश्न विचारते. मागे उभी आहे ती कोण? 'असेल कुणी गोरी,' असं उत्तर येतं. क्वचित एखादा टेनिसवेडा मुलगा ताठ होतो आणि म्हणतो, 'मॅडम, ही तर ओसाका! पण ती अशी नाही दिसत.'

जपानकडून खेळणारी नाओमी ओसाका अशी दिसत नाही, हे खरंच आहे. तिचे वडील हैतीचे, आई जपानी. तिचा रंग सावळा, केस दाट कुरळे. ज्या सामन्यावर हे चित्र आहे, त्या दिवशी शेपटीची टोकं सोनेरी रंगवलेली होती, एवढाच काय तो चित्रकाराला आधार. म्हणजे त्या दुपारी कोर्टावर दोन्ही बाजूंना कृष्णवर्णीय बाई होती. चित्रात एकच उरली, आणि जी उरली ती दुप्पट काळी होऊन उरली. हे प्रकरण मी शिकवते ते या जमाखर्चासाठी. हवेत उडालेल्या त्या बाईवर, म्हणजे अमेरिकन टेनिसपटू सेरेना विल्यम्सवर, अन्याय झाला की नाही यावर लोक वर्षानुवर्षं भांडतात. मागच्या त्या मुलीचं काय झालं, हे फारसं कुणी विचारत नाही.

सामना

८ सप्टेंबर २०१८, शनिवार. न्यूयॉर्कच्या फ्लशिंग मेडोजमधलं आर्थर ॲश स्टेडियम, यूएस ओपनची महिला एकेरीची अंतिम लढत. सेरेना ३६ वर्षांची, नावावर एकेरीची २३ ग्रँड स्लॅम विजेतेपदं. आणखी एक मिळालं की मार्गारेट कोर्टच्या विक्रमाशी बरोबरी. मुलीच्या जन्माला वर्ष आणि एक आठवडा झालेला. समोर ओसाका, वय २०, पहिलीच ग्रँड स्लॅम अंतिम फेरी. ही मुलगी तिसरीत असताना तिने शाळेत सेरेनावर लिहून दिलं होतं. तिच्या वडिलांनी १९९९ च्या फ्रेंच ओपनमध्ये विल्यम्स भगिनींना दुहेरीत खेळताना टीव्हीवर पाहिलं आणि आपल्याही दोन मुलींना टेनिसपटू करायचं ठरवलं. म्हणजे नेटच्या पलीकडे उभी असलेली मुलगी एका अर्थी सेरेनामुळेच तिथवर आली होती.

पहिला सेट ओसाकाने ६-२ असा घेतला. खेळाचं म्हणाल तर सामना तिचाच होता. सर्व्हिस जोरकस, डोकं थंड. हे आधी सांगून टाकते, कारण पुढच्या गदारोळात ते हरवतं.

दुसऱ्या सेटच्या दुसऱ्याच गेममध्ये पंच कार्लोस रामोस यांनी सेरेनाला पहिली ताकीद दिली : प्रशिक्षकाकडून खुणा घेतल्याची. प्रशिक्षक पॅट्रिक मुरातोग्लू प्रेक्षकांतून हातवारे करत होते, हे कॅमेऱ्याने पकडलं होतं आणि सामना संपल्यावर त्यांनी स्वतःच ते कबूल केलं. वर म्हणाले, सगळेच करतात. सेरेनाचं म्हणणं, मी पाहिलंच नाही, आणि मी फसवून जिंकण्यापेक्षा हरणं पत्करेन. ताकीदीपेक्षा 'फसवणूक' हा शब्द तिला लागला. पंचांनी तो उच्चारला नव्हता. तिला तो ऐकू आला.

मग ३-१ अशी आघाडी असताना तिने सर्व्हिस गमावली आणि रॅकेट आपटून मोडली. दुसरा गुन्हा, एका गुणाचा दंड. पंचांनी आपली माफी मागावी, असा तिने धोशा लावला. ४-३ अशी पिछाडी झाल्यावर बाजू बदलताना तिने रामोसना खोटारडा म्हटलं, माझा गुण चोरलात, चोर आहात, म्हणाली. तिसरा गुन्हा, पूर्ण गेमचा दंड. एकही चेंडू न खेळता ओसाका ५-३ ने पुढे गेली. सेरेनाने पुढची सर्व्हिस राखली, ओसाकाने आपली राखली, ६-४, सामना संपला. दुसऱ्या दिवशी सेरेनाला १७,००० डॉलर दंड झाला : खुणांचे ४,०००, रॅकेटचे ३,०००, शाब्दिक अपमानाचे १०,०००.

बक्षीस समारंभात स्टेडियम हुर्यो करत होतं. ती हुर्यो पंचांना होती, निकालाला होती, पण व्यासपीठावर उभ्या असलेल्या वीस वर्षांच्या मुलीच्या कानांना ती कोणाला आहे हे कसं कळावं? तिने टोपीचा पुढचा पडदा खाली ओढला आणि रडली. सेरेनाने तिच्या खांद्यावर हात टाकला, काहीतरी पुटपुटली, मग माइकवर लोकांना सांगितलं की हुर्यो बंद करा, ती चांगली खेळली. ओसाकाने माइक हातात आल्यावर आधी माफी मागितली. सगळ्यांना सेरेना जिंकायला हवी होती हे मला माहीत आहे, असं संपावं लागलं याचं वाईट वाटतं, म्हणाली. ग्रँड स्लॅम एकेरी जिंकणारी पहिली जपानी खेळाडू, आणि तिची पहिली सार्वजनिक कृती क्षमायाचनेची.

चित्र आणि त्याचा बचाव

दोन दिवसांनी, १० सप्टेंबरला, मेलबर्नच्या 'हेराल्ड सन'मध्ये मार्क नाइट यांचं ते व्यंगचित्र छापून आलं. जगभर बोंब झाली. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय पत्रकारांच्या राष्ट्रीय संघटनेने निषेध केला. वर्तमानपत्राने माघार घेतली नाही. १२ तारखेला पहिल्या पानावर नाइट यांनी काढलेल्या नामवंतांच्या व्यंगचित्रांची गर्दी केली, त्यात सेरेनाचं पुन्हा छापलं. सूर असा की आता यापुढे कुणाचं चित्रच काढायचं नाही का. फेब्रुवारी २०१९ मध्ये ऑस्ट्रेलियाच्या प्रेस कौन्सिलने निकाल दिला : चित्र काहींना आक्षेपार्ह वाटलं हे मान्य, पण आचारसंहितेचा भंग नाही. एका नामवंत खेळाडूच्या वागण्यावर अतिशयोक्तीने केलेलं भाष्य आहे.

बचाव तकलादू नव्हता, हे मी मुलांना मुद्दाम सांगते. नाइट यांनी त्याआधी काहीच दिवस निक किर्गिओस या ऑस्ट्रेलियाच्याच पुरुष खेळाडूची अशीच टिंगल केली होती. ती चोखणी म्हणजे तिथला वाक्प्रचार. कुणी आकांडतांडव केलं की ऑस्ट्रेलियात म्हणतात, त्याने चोखणी थुंकली. व्यंगचित्रात नाक मोठं होणारच, ओठ जाड होणारच, नाहीतर ते व्यंगचित्र कसलं? आणि मुख्य म्हणजे, ती खरोखर चिडली होती. रॅकेट तिनेच मोडली.

हाच प्रश्न वर्गातही येतो, आणि विचारणारी बहुतेक मुलगी असते. 'पण मॅडम, तिने केलंच ना ते?'

केलंच. आणि साचा टिकतो तो इथेच. तो निव्वळ खोट्यावर उभा असता तर कधीच कोसळला असता. त्याला अधूनमधून एक खरा प्रसंग लागतो, टांगून ठेवायला. बाई शंभर वेळा शांत राहिली तर त्याची नोंद होत नाही. एकशे एकाव्या वेळी ओरडली की सगळे म्हणतात, बघा, सांगितलं नव्हतं!

तो साचा अमेरिकेत कुठून आला, याचा माग काढता येतो. गुलामगिरीच्या काळापासून कृष्णवर्णीय बाईला तीन मुखवटे मिळाले. एक 'मॅमी' : लठ्ठ, हसतमुख, मालकाच्या पोरांना स्वतःच्या पोरांपेक्षा जपणारी दाई. दुसरी 'जेझबेल' : कामातुर, मालकाच्या अत्याचाराला तिचीच वासना जबाबदार धरायची सोय. तिसरीला नाव बरंच उशिरा मिळालं. १९२८ पासून 'एमॉस अँड अँडी' नावाची रेडिओ मालिका तिथे प्रचंड चालली. फ्रीमन गॉस्डेन आणि चार्ल्स कोरेल हे दोन गोरे पुरुष काळ्यांचे आवाज काढून ती सादर करत. त्यातल्या एका पात्राची बायको होती सॅफायर : सतत करवादणारी, नवऱ्याला चार लोकांत खाली पाहायला लावणारी. १९५१ मध्ये मालिका टीव्हीवर गेली, एनएएसीपी या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेने विरोध केला, दोन वर्षांत नवे भाग बंद झाले. पण नाव चिकटलं. आजही अभ्यासक या साच्याला 'सॅफायर'च म्हणतात. रोजच्या बोलण्यात त्याला 'अँग्री ब्लॅक वुमन' असं नाव आहे. मराठीत कजाग म्हणतो तसं काहीसं, फक्त कजागपणा एका बाईच्या स्वभावाचा असतो, आणि हा संबंध वंशाच्या माथी मारलेला.

समाजशास्त्रज्ञ पॅट्रिशिया हिल कॉलिन्स यांनी १९९० मध्ये या मुखवट्यांना 'कंट्रोलिंग इमेजेस' म्हटलं, वेसण घालणाऱ्या प्रतिमा. वेसण हा माझा शब्द. मला तो बरा वाटतो, कारण वेसण ओढायला रोज कुणाला उभं राहावं लागत नाही. बैलाला ती आहे हे माहीत असतं, तेवढं पुरतं.

त्या चित्रातले ओठ आणि केस त्याहून जुन्या वळणाचे आहेत. १८३० नंतर अमेरिकेत गोरे नट तोंडाला काजळी फासून, ओठ मोठे रंगवून काळ्यांची नक्कल करायचे. ते 'मिन्स्ट्रेल' खेळ एकोणिसाव्या शतकात ऑस्ट्रेलियातही फिरले. त्यामुळे 'आमच्याकडे तो इतिहासच नाही' हा बचाव मला पटत नाही. चित्रकाराच्या मनात द्वेष असेलच असं मी म्हणत नाही. हाताला वळण कुठून आलं ते हाताला माहीत नसतं.

इथे आपल्या शब्दाकडे येते. रागाने पाय आपटणाऱ्या पुरुषाला मराठीत काय म्हणतात? तो तांडव करतो, रुद्रावतार धारण करतो. कोपला तरी शंकराच्या पंगतीला. बाई आणि मूल मात्र थयथयाट करतात. पुरुषालाही हा शब्द लावतो आपण, पण त्याला बायकी किंवा बालिश ठरवायचं असेल तेव्हा. त्या चोखणीने जे काम चित्रात केलं, तेच हा एक शब्द मराठीत करतो. एकदा मागच्या बाकावरची एक मुलगी म्हणाली, 'आमच्या वस्तीतली बाई नगरसेवकाला जाब विचारायला गेली तरी बातमीत नळावरचं भांडणच होतं.' मला त्यात भर घालण्यासारखं काही नव्हतं.

मग पुरुषांचं काय?

सेरेना त्याच कोर्टावर म्हणाली होती की पुरुष याहून कितीतरी वाईट बोलतात आणि त्यांचा गेम जात नाही. एकेकाळच्या विजेत्या बिली जीन किंग यांनी तिची बाजू घेतली. तशाच दुसऱ्या जुन्या विजेत्या मार्टिना नवरातिलोवा यांनी दुहेरी मापदंड असतो हे मान्य करूनही वेगळं मत मांडलं : पुरुषांना जे खपतं ते आपल्यालाही खपावं, ही मागणीच चुकीची. आंतरराष्ट्रीय टेनिस महासंघाने पंचांना पाठिंबा दिला, आणि रामोस यांची ख्यातीही कडक पंच अशीच होती. नादाल, जोकोविच, मरे यांनाही त्यांनी सोडलेलं नव्हतं.

आकडे काय म्हणतात? 'न्यूयॉर्क टाइम्स'ने १९९८ ते २०१८ या काळातले ग्रँड स्लॅममधले दंड छापले. पुरुषांना १,५१७ वेळा, स्त्रियांना ५३५ वेळा. रॅकेट आपटल्याबद्दल पुरुष ६४६, स्त्रिया ९९. प्रशिक्षकाच्या खुणांबद्दल मात्र पुरुष ८७ आणि स्त्रिया १५२. हे आकडे सेरेनाच्या बाजूने की विरुद्ध, यावर वर्गात मारामारी होते. पुरुषांना जास्त दंड होतो, म्हणजे पक्षपात नाही, असं एक गट म्हणतो. दुसरा म्हणतो, पुरुष जास्त रॅकेटी मोडतात एवढंच त्यातून कळतं. किती मोडल्या आणि किती सोडून दिल्या, ते कुठेय? दुसरा गट बरोबर आहे असं मला वाटतं, पण पहिल्याला खोडून काढण्याइतका पुरावा या आकड्यांत नाही, हेही खरं.

माझा रस दंडाच्या रकमेत नाही, नंतर काय उरलं त्यात आहे. अमेरिकेच्याच जॉन मॅकेन्रो या गोऱ्या खेळाडूने १९८१ च्या विम्बल्डनमध्ये पंचावर जी आरडाओरड केली, तिच्यावर तो पुढे जाहिरातींतून कमावत राहिला, समालोचक झाला, लोक त्या ओरडण्याची लाडाने नक्कल करतात. त्याच्या रागातून कुणी गोऱ्या पुरुषांच्या स्वभावाबद्दल निष्कर्ष काढला नाही. तो राग त्याचा एकट्याचा राहिला. सेरेनाचा राग एकटीचा राहत नाही.

आणि गंमत पाहा : ज्या खुणांपासून हे सगळं सुरू झालं, त्या २०२२ पासून प्रायोगिक तत्त्वावर चालू लागल्या आणि २०२५ पासून टेनिसच्या नियमांतच मान्य झाल्या.

सेरेनाची बाजू, आणि ताकदीचा शाप

सेरेना त्या दिवशी कोऱ्या पाटीने कोर्टावर उतरली नव्हती. २००१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या इंडियन वेल्सला मोठी बहीण व्हीनसने दुखापतीमुळे सेरेनाविरुद्धचा उपांत्य सामना सोडला, आणि अंतिम सामन्यात १९ वर्षांच्या सेरेनावर प्रेक्षकांनी सामनाभर हुर्यो केली. ती जिंकली, पण पुढची चौदा वर्षं तिथे गेली नाही. २००४ च्या यूएस ओपनमध्ये कॅप्रियातीविरुद्ध तिच्याविरोधात इतके धडधडीत चुकीचे निर्णय गेले की चेंडूचा माग काढणारं यंत्र आणायला जोर आला. २००९ मध्ये मात्र तिची स्वतःची चूक होती : क्लायस्टर्सविरुद्ध फूट फॉल्ट (सर्व्हिस करताना पाय रेषेवर पडल्याची चूक) दिल्यावर ती रेषापंच बाईवर धमकीच्या भाषेत धावून गेली, एकूण ८२,५०० डॉलर दंड झाला. २०१४ मध्ये रशियन टेनिस महासंघाच्या प्रमुखाने टीव्हीवर दोघी बहिणींना 'विल्यम्स ब्रदर्स' म्हटलं. २०१८ च्या अंतिम सामन्याआधी जेमतेम दोन आठवडे, फ्रेंच महासंघाच्या अध्यक्षांनी तिच्या काळ्या अंगासरशी पोशाखाबद्दल म्हटलं की खेळाचा मान राखला पाहिजे. तो पोशाख तिने रक्ताच्या गुठळ्या होऊ नयेत म्हणून घातला होता.

पुरुषी, रानटी, राक्षसी ताकदीची. स्तुती करणारेही याच शब्दांच्या आसपास घुटमळतात. गोऱ्या, सोनेरी केसांच्या मारिया शारापोवाशी ती २२ सामने खेळली आणि २० जिंकली. तरी अनेक वर्षं जाहिरातदारांचे पैसे जास्त मिळाले ते शारापोवाला.

ताकद हा शब्द स्तुतीचा वाटतो, म्हणून त्यातली मेख लवकर दिसत नाही. 'स्ट्राँग ब्लॅक वुमन' हा चौथा मुखवटा, आणि तो त्या बायका स्वतःही अभिमानाने घालतात. नर्सिंगच्या संशोधक शेरिल वुड्स-गिस्कोंबे यांनी २०१० मध्ये कृष्णवर्णीय बायकांशी बोलून त्याची लक्षणं मांडली : कायम खंबीर दिसण्याची सक्ती, भावना दाबणं, कुणावर अवलंबून न राहणं, तुटपुंज्या साधनांत यशस्वी होऊन दाखवणं, स्वतःआधी दुसऱ्यांना मदत करणं. आपल्या घरातल्या एखाद्या मावशीचं वर्णन वाटेल. फरक एवढा की तिकडे समोरच्या डॉक्टरलाही हेच वाटत असतं, की हिला फारसं दुखत नाही, ही सहन करेल.

सेरेनाच्या बाळंतपणात नेमकं हेच घडलं. सिझेरियन झालं, दुसऱ्या दिवशी श्वास लागू लागला. तिला २०११ मध्ये फुप्फुसात गुठळ्या होऊन गेल्या होत्या, लक्षणं ओळखीची होती. आईला काळजी नको म्हणून ती खोलीबाहेर आली आणि दिसलेल्या पहिल्या नर्सला सांगितलं : सीटी स्कॅन हवा, हेपॅरिन (गुठळ्या रोखणारं औषध) सुरू करा. नर्सला वाटलं, वेदनाशामकांमुळे बाई गोंधळलीय. डॉक्टरांनी आधी पायांची सोनोग्राफी केली, त्यात काही निघालं नाही. शेवटी सीटी स्कॅन झाला आणि फुप्फुसात गुठळ्या सापडल्या. खोकल्याने टाके उसवले, पोटात रक्त साचलं, पुन्हा शस्त्रक्रिया. सहा आठवडे ती अंथरुणाला खिळून होती. पैसा, प्रसिद्धी, नेमकी वैद्यकीय माहिती, सगळं असलेल्या बाईची ही कथा. अमेरिकेत २०२१ मध्ये दर लाख जिवंत जन्मांमागे कृष्णवर्णीय मातांचे ६९.९ मृत्यू झाले, गोऱ्यांचे २६.६.

म्हणजे हॉस्पिटलात ती बोलली तेव्हा गोंधळलेली ठरली आणि वर्षभराने कोर्टावर बोलली तेव्हा हाताबाहेर गेलेली. दोन्ही वेळा तिचं म्हणणं काय होतं, हा विषय नंतरचा.

त्या सामन्यानंतर सेरेनाने काही काळ रॅकेट हातात घेतली नाही. २०१९ च्या उन्हाळ्यात तिने एका मासिकात लिहिलं की झोप लागत नव्हती, ती समुपदेशकाकडे गेली, आणि जिवाला चैन पडेना तेव्हा तिने ओसाकाला पत्र लिहून माफी मागितली. आपल्या बाजूने बोलायला हवं असं आपल्याला वाटलं होतं, पण त्यात दुसऱ्या कृष्णवर्णीय मुलीवरचा प्रकाश ओढला जाईल हे कळलं नाही, असा त्याचा मथितार्थ. ओसाकाचं उत्तर आलं ते वाचून आपण रडलो, असंही तिने लिहिलंय. ओसाकाने कळवलं होतं की लोक रागाला ताकद समजतात, त्यांना दोन्हींतला फरक कळत नाही; आणि तू जशी उभी राहतेस तशी राहा.

मागे उभी असलेली

आता चित्राच्या मागच्या कोपऱ्याकडे. समजा ओसाका तिच्या खऱ्या रंगात काढली असती. मग चित्रात दोन काळ्या बाया झाल्या असत्या, एक आरडाओरडा करणारी आणि एक शांत, आणि चित्र साध्या दोन खेळाडूंचं झालं असतं. थयथयाटाला उठाव यायला समोर सोनेरी, गोरी शांतता लागत होती. तिला पुसलं नसतं तर विनोद जमलाच नसता. निदान मी तरी ते चित्र असंच वाचते.

पुढे चार महिन्यांत ती पुन्हा पुसली गेली, या वेळी प्रेमाने. जानेवारी २०१९ मध्ये, ऑस्ट्रेलियन ओपन चालू असताना, निसिन या जपानी नूडल कंपनीची कार्टून जाहिरात आली. त्यात ओसाकाची त्वचा फिकी गुलाबी आणि केस फिक्या तपकिरी रंगाचे. ही कंपनी तिची प्रायोजक होती, तिला वाईट दाखवण्याचा हेतू असणं शक्यच नाही. नायिका करायची म्हणून उजळ केली. आपल्याकडे स्थळाच्या जाहिरातीत सावळी मुलगी 'गव्हाळ' होते, त्यातलाच प्रकार. ओसाका पत्रकारांना म्हणाली, मी सावळी आहे हे उघडच आहे. पुढच्या वेळी माझं चित्र काढताना मला विचारा. कंपनीने माफी मागून जाहिरात मागे घेतली. त्याच वर्षी जपानमधल्या एका विनोदी जोडीने तिला ब्लीचची गरज आहे असा विनोद केला, आणि त्यांनाही माफी मागावी लागली.

ओसाकाच्या घरात हा प्रश्न तिच्या जन्माआधीपासून होता. आईने कृष्णवर्णीय पुरुष निवडला म्हणून आजोबांनी आईशी कित्येक वर्षं संबंध तोडले होते. जपानमध्ये तिला 'हाफू' म्हणतात, अर्धी. अमेरिकेत बातम्यांत ती 'जपानी खेळाडू' असते आणि तिचं हैती मागे पडतं. दोन्हीकडे ती कुणासारखी तरी दिसायला कमी पडते. सेरेनाला साचा मिळाला, तो तिला काचतो. ओसाकाला तर साचाच नव्हता. कृष्णवर्णीय असून लाजाळू, हळू आवाजात बोलणारी, माफी मागणारी बाई लोकांच्या चित्रसंग्रहात कुठेच नसल्याने तिचा रंगच काढून टाकणं त्यांना सोपं गेलं.

३१ मे २०२१ रोजी फ्रेंच ओपनमधून माघार घेताना तिने लिहिलं की २०१८ च्या यूएस ओपनपासून आपण नैराश्याचे दीर्घ काळ सोसले आहेत. म्हणजे पहिल्या विजेतेपदापासून. एका सामन्याने किंवा एका चित्राने हे झालं असं ती म्हणाली नाही, मीही म्हणत नाही. तारीख तेवढी तिने दिलेली आहे.

त्याआधी, सप्टेंबर २०२० मध्ये, ती पुन्हा त्याच आर्थर ॲश स्टेडियममध्ये खेळत होती. करोनामुळे खुर्च्या रिकाम्या, हुर्यो करायला कुणी नाही. काळ्या मास्कवर पांढऱ्या अक्षरांत दर फेरीला एक नाव : ब्रिओना टेलर, इलायजा मॅक्लेन, अहमूद आर्बरी, ट्रेव्हॉन मार्टिन, जॉर्ज फ्लॉइड, फिलँडो कॅस्टिल, टमिर राइस. पोलिसांच्या किंवा वंशद्वेषाच्या हिंसेत मेलेली सात कृष्णवर्णीय माणसं. सात सामने जिंकल्याशिवाय सातही नावं दाखवता येणार नव्हती, आणि तिने ते जिंकले. समारंभात मुलाखतकाराने विचारलं, या मास्कमधून तुला काय संदेश द्यायचा होता? दोन वर्षांपूर्वी याच जागी टोपी खाली ओढून रडलेल्या मुलीने या वेळी मान वर ठेवून उलट विचारलं, तुम्हाला कोणता संदेश मिळाला?